पेन्सिल न उचलता

विनया फळ्यावर मोठा एफ काढून दाखवत होती, तेवढ्यात मागून किंकाळी आली. तिसरीच्या वर्गात दिवसाला दहा किंकाळ्या होतात. कुणी खोडरबर पळवतं, कुणी वेणी ओढतं. ही तसली नव्हती. ती वळली तर तिसऱ्या बाकावरचा मानस उभा राहून स्वतःच्या डाव्या हाताकडे बघत होता. अंगठा आणि पहिलं बोट यांच्या मधल्या मऊ मांसात एक पेन्सिल उभी होती. कुणी धरली नव्हती, तरी उभी होती. मग त्याने हात झटकला, पेन्सिल खाली पडली, आणि रक्त वहीवर, बाकावर, पुढच्या मुलीच्या पांढऱ्या कॉलरवर उडालं.

त्याच्या शेजारी क्षिप्रा रणदिवे बसली होती. आठ वर्षांची, दोन घट्ट वेण्या, कपाळावर कायम एक आठी. चार रेघांची वही तिने छातीशी कवटाळली होती. ती रडत नव्हती, घाबरलेलीही दिसत नव्हती. एखादं काम हातावेगळं केल्यावर माणूस जसा दिसतो तशी ती दिसत होती.

"इसने मेरा पेज खराब किया," ती म्हणाली.

विनयाने ओढणीने मानसचा हात आवळला आणि त्याला कडेवर घेऊन मेडिकल रूमकडे धावली. आत शिशाचं टोक मोडलं होतं. नर्सने ते चिमट्याने काढलं तेव्हा त्या पोराने विनयाच्या दंडाला दात लावले आणि तिने ते लावू दिले. शाळेमागच्या नर्सिंग होममध्ये दोन टाके पडले. त्याची आई आली, रडली, ओरडली, पोलिसात जाईन म्हणाली. हे सगळं आवरून विनया परत आली तेव्हा साडेअकरा वाजले होते. शेजारच्या वर्गाची रुचिरा दोन्ही वर्ग सांभाळत होती. विनयाने क्षिप्राला उठवलं आणि लायब्ररीच्या कोपऱ्यात घेऊन गेली.

गाझियाबादच्या त्या शाळेत मराठी मुलं दोनतीनच. क्षिप्राच्या घरच्यांना विनया ओळखायची ती मराठी मंडळाच्या गणपतीमुळे. वडील जयदीप केंद्र सरकारच्या एका खात्यात सेक्शन ऑफिसर, मंडळाच्या पत्रिका स्वतःच्या हाताने लिहिणारा माणूस. आई चेतना मोदकांची जबाबदारी घ्यायची आणि कुणी काही विचारलं तर आधी नवऱ्याकडे बघायची. म्हणून विनया मराठीतच बोलली.

"मानसने काय केलं?"

"हात घासला. धब्बा पडला." डाग हा शब्द तिच्याकडे नव्हता.

"म्हणून पेन्सिल खुपसायची?"

क्षिप्राने वही उघडून दाखवली. पानभर सुरेख, उजवीकडे झुकलेली अक्षरं, आणि मधोमध घामेजल्या तळव्याने पसरलेला करडा पट्टा. तिने बोटाने तो पट्टा मोजायला सुरुवात केली. "चार ओळी. म्हणजे चार वेळा. एका धब्ब्याला एक वेळा असतं, पण बाबा ओळी मोजतात."

"चार वेळा काय?"

मुलीने विनयाच्या पर्समधलं पेन घेतलं, स्वतःच्या उजव्या हाताच्या बोटांमध्ये आडवं अडकवलं, एकाच्या वरून, दुसऱ्याच्या खालून, तिसऱ्याच्या वरून. मग डाव्या हाताने ती बोटं एकत्र आवळल्यासारखं केलं. "असं. मग दाबतात. टेनपर्यंत काउंट करायचं. रडलं तर परत वनपासून."

विनयाने तिच्या हातातून पेन काढून घेतलं. बोटं उलगडून पाहिली. प्रत्येक बोटाच्या दोन्ही कडांना, नेमक्या एका उंचीवर, जांभळे वळ होते. जुने पिवळे पडलेले, नवे काळेनिळे.

हे वळ तिने आधी पाहिले होते.

विनया पुण्याची. प्रसन्नच्या नोएडातल्या नोकरीमागे बारा वर्षांपूर्वी इकडे आली आणि याच शाळेत लागली. तिसरीला इंग्रजी शिकवायची. कर्सिव्ह म्हणजे तिचा जीव की प्राण. पाचवीपासून मुलांच्या हातात टॅब यायचे, वरच्या वर्गांतली मुलं दोन ओळी लिहून मनगट चोळत बसायची. रुचिरा स्टाफरूममध्ये म्हणायची, "मॅम, ये बच्चे बड़े होकर साइन के अलावा कुछ नहीं लिखेंगे." विनया वाद घालायची. शब्द सुरू केला की संपेपर्यंत पेन्सिल उचलायची नाही. पेन्सिल उचलली नाही की मनही त्या शब्दावरून उठत नाही, असं तिचं म्हणणं. ती ते मनापासून मानायची. मध्ये दोन वर्षं शाळेने कर्सिव्ह बंद केलं होतं. यंदा प्राचार्या सूद मॅडमनी ते परत आणलं, कारण ॲडमिशनला येणारे आईबाप भिंतीवरची वळणदार पानं बघून थांबतात हे त्यांनी हेरलं होतं. वीस मार्क ठेवले, स्पर्धा ठेवली, रिसेप्शनसमोर मखमली बोर्ड लावला. विनयाला आनंदच झाला.

ऑक्टोबरात तिने क्षिप्राच्या वहीत लाल पेनने शेरा मारला होता. अक्षर फार खराब, घरी सराव हवा, पालकांनी लक्ष द्यावं. असे शेरे ती दिवसाला दहा लिहायची. लिहून झाल्यावर त्यातला एकही तिच्या लक्षात राहत नसे.

मग नोव्हेंबरात प्रदूषणाने हवा बिघडली, शाळा बारा दिवस बंद झाल्या आणि मुलं घरी बसली. परत आली तेव्हा क्षिप्राने चाळीस पानं आणली. एक खाडाखोड नाही. प्रत्येक एल सारख्या उंचीचा, प्रत्येक वायची शेपटी खालच्या रेघेला टेकून वर आलेली. विनया हरखून गेली. तिने वही वर्गभर फिरवली, सोनेरी तारा चिकटवला, एक पान मखमली बोर्डावर लावलं. तारा चिकटवताना तिला मुलीची बोटं दिसली होती.

"हे काय झालं ग?"

"दरवाज्यात सापडलं."

"जपून बाळा," असं म्हणून ती पुढच्या वहीकडे वळली होती. दारात सापडलेल्या बोटाला वळ वरून आणि खालून येतो. कडांना येत नाही. एवढं साधं तिला त्या दिवशी दिसलं नाही, किंवा दिसलं आणि तिने बघितलं नाही.

ती क्षिप्राला रुचिराजवळ बसवून थेट सूद मॅडमच्या केबिनमध्ये गेली. एअर प्युरिफायर घरघरत होता. सूद मॅडमनी सगळं ऐकून घेतलं.

"विनया, पहले मानस का मामला निपटाओ. उसकी मदर एफआयआर की बात कर रही है."

"मॅडम, बच्ची की उँगलियाँ देखिए एक बार. हमें चाइल्डलाइन को फोन करना पड़ेगा. कानून है."

"करेंगे. बिल्कुल करेंगे. मैं कल मैनेजमेंट से बात करती हूँ." त्यांनी चष्मा काढून पुसला. "फादर बहुत डीसेंट आदमी है. मैंने बुला लिया है. बच्ची एक अपॉलजी लिख दे, सुंदर-सी, अपने हाथ से. मानस की मदर शांत हो जाएगी. तुम बस इन्सिडेंट रिपोर्ट तैयार करो."

विनया गप्प बसली. पुढे कित्येक दिवस तिला स्वतःची ती शांतता आठवत राहिली. फोन तिच्या हातात होता, नंबर चार आकडी होता.

जयदीप दोन वाजता आला. शाळा सुटली होती, बसेस निघून गेल्या होत्या. इस्त्रीचा आकाशी शर्ट, गळ्यात ऑफिसचं ओळखपत्र, मास्क घडी करून खिशात. मानसच्या आईपुढे त्याने हात जोडले, औषधाचा सगळा खर्च माझा म्हणाला, शरमेने मान खाली घातली. ती बाई निवळली. सूद मॅडमनी विनयाकडे, बघ म्हटलं नव्हतं का, अशा नजरेने पाहिलं. मग जयदीपच म्हणाला, मुलगी माफीपत्र लिहीपर्यंत मी तिच्याजवळ वर्गात बसतो. सूद मॅडमनी मान डोलावली. विनयाला त्यांनी रिपोर्टचा कागद दिला आणि स्टाफरूमकडे बोट दाखवलं.

विनया स्टाफरूममध्ये जाऊन बसली. तारीख लिहिली. वर्ग आणि तुकडी लिहिली. घटनेची वेळ लिहिली आणि पेन तसंच टाकून उठली.

वर्गाच्या दाराला वरच्या अर्ध्या भागात काच आहे. काचेतून तिला दिसलं की क्षिप्रा पहिल्या बाकावर बसली आहे आणि जयदीप तिच्यामागे वाकून उभा आहे. दुरून पाहणाऱ्याला वाटलं असतं, बाप मुलीचा हात धरून अक्षर गिरवून घेतोय. विनयाने दार ढकललं तेव्हा क्षिप्राचा आवाज ऐकू आला. अगदी बारीक, श्वासातून.

"सिक्स. सेवन."

तिच्या बोटांत पेन्सिल अडकवलेली होती. जयदीपच्या उजव्या मुठीत ती चार बोटं मावली होती आणि त्याच्या मनगटाच्या शिरा तट्ट फुगल्या होत्या. मुलीचे पाय बाकाखाली एकमेकांवर घासत होते. बाकी ती हलत नव्हती.

"जयदीपराव, सोडा तिला."

"दोन मिनिटं, वहिनी." त्याने वर पाहिलं नाही. आवाज अगदी घरातल्यासारखा. "सॉरीतले आर बघा तुम्ही. घरी असले आर काढत नाही ती. इथे मुद्दाम करते."

"हात सोडा म्हणतेय मी."

"शेरा तुम्हीच दिला होतात ना? सराव हवा म्हणून. हा सरावच आहे. आमच्या अण्णांनी माझा असाच घेतला, म्हणून आज ऑफिसात फाईल कुणाची ते अक्षरावरून ओळखतात." मग मुलीला, "थांबलीस का? वनपासून."

विनयाने त्याचं मनगट दोन्ही हातांनी धरलं आणि खेचलं. तो सोडेना. तिने नखं रोवली. तेव्हा त्याने डाव्या हाताचं कोपर मागे हाणलं, तिच्याकडे न बघताच, माशी उडवावी तसं. ते तिच्या गळ्याखाली बसलं. तिचा तोल गेला आणि तोंड शेजारच्या बाकाच्या लोखंडी कडेवर आपटलं. कानात एक वीज चमकली. जिभेवर काहीतरी टणक आणि गरम आलं. ते तिने तळहातावर थुंकलं. पुढचा अर्धा दात होता.

त्या झटापटीत जयदीपचा सगळा भार त्याच्या मुठीवर आला असावा. वाळकी काडी मोडल्यासारखा आवाज झाला. क्षिप्रा त्या दिवशी पहिल्यांदा ओरडली. सलग, श्वास न घेता ओरडत राहिली.

"बघा काय झालं तुमच्यामुळे," जयदीप म्हणाला, आणि तरीही त्याने मूठ उघडली नाही.

टेबलावर विनयाची पाण्याची बाटली होती. स्टीलची, लिटरभराची, सकाळपासून तोंड न लावलेली. ती कधी उचलली हे तिला पुढे आठवलं नाही. पहिला फटका तिने त्याच्या मनगटावर मारला आणि मूठ सुटली. क्षिप्रा बाकावरून घसरून भिंतीकडे सरपटली. तिथे थांबता आलं असतं. मुलगी सुटली होती. पण तो वळला, आणि त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, नुसतं आश्चर्य होतं, एखाद्या शिपायाने उलट उत्तर द्यावं तसलं. विनयाने त्या आश्चर्यावर बाटली हाणली. गालाचं हाड आत गेल्याचं तिला हातात कळलं. तो बाकांच्या मध्ये गुडघ्यांवर आला, दोन्ही हात डोक्यावर धरले. ती हातांवर मारत राहिली, मग पाठीवर, मग पुन्हा कानाच्या बाजूला. तिच्या तोंडातलं रक्त त्याच्या आकाशी शर्टावर टपकत होतं. तिला दमायला होत नव्हतं. उलट हात हलका हलका होत होता. आतून कुठूनतरी तिला बरं वाटत होतं, आणि हे बरं वाटणं तिला त्या क्षणीही स्पष्ट कळत होतं.

गेटवरच्या गार्डने तिला मागून कमरेला धरून उचललं. ती हवेत पाय झाडत होती. बाटलीला पोचे आले होते, झाकण उडून पाणी फरशीवर पसरलं होतं आणि गुलाबी झालं होतं. भिंतीशी क्षिप्रा आता ओरडत नव्हती. मधलं बोट उलट्या बाजूला वळलेलं, आणि डोळे बापावर नव्हते. विनयावर होते.

पोलीस ठाण्यात दोन तक्रारी लिहिल्या गेल्या. जयदीपच्या गालाचं हाड मोडलं होतं, कानामागे सात टाके पडले. डोळा थोडक्यात वाचला. विनयाचा दात गेला, ओठ फाटला. क्षिप्राच्या मधल्या बोटाचं हाड दोन ठिकाणी मोडलं होतं. विनयाने सब-इन्स्पेक्टर बाईंना सगळं सांगितलं. ओठ सुजल्यामुळे शब्द नीट फुटत नव्हते.

"एक और बात लिखिए. रिमार्क मैंने लिखा था. कॉपी में. उसी के बाद शुरू हुआ. और निशान मैंने पहले भी देखे थे."

बाईंनी पेन थांबवलं. "मैडम, ये आपके काम की बात नहीं है. रहने दीजिए."

"लिखिए."

त्यांनी ते लिहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी शाळेने तिला निलंबित केलं. दुपारपर्यंत पालकांच्या ग्रुपवर सीसीटीव्हीची एक क्लिप फिरू लागली. एकोणीस सेकंदांची. ती सुरू व्हायची ते विनयाच्या हातातली बाटली वर जाते तिथून. त्याआधीचं कुणीतरी कापलं होतं. गुडघ्यावर बसलेला, डोकं झाकणारा एक सभ्य माणूस आणि त्याला बडवणारी एक बाई. गावभर झालं. सोसायटीच्या लिफ्टमध्ये बायका मोबाईलमध्ये डोकं घालू लागल्या.

प्रसन्नने ती क्लिप ऑफिसमध्ये पाहिली. घरी येऊन तो बराच वेळ बूट न काढता बसला.

"आठ वेळा मारलंस," तो म्हणाला. "मी मोजलं."

"त्याने तिचं बोट मोडलं."

"माहीत आहे. मी तुझ्या बाजूनेच आहे, विनू. वकील मी आजच बघतो." त्याने एक बूट काढला. "फक्त तुझा चेहरा बघून वाटलं, आपण बारा वर्षं एका घरात राहतोय आणि ही बाई मी कधी पाहिलीच नव्हती."

तिने गरम पाण्यात मीठ टाकलं आणि गुळण्या करायला गेली.

आठ दिवस असेच गेले. जयदीपने पोलिसांना सांगितलं होतं की मुलीचं बोट झटापटीत मोडलं, आणि झटापट बाईंनी सुरू केली. वळांचं विचारलं तर म्हणाला, मुलं खेळतात, पडतात. चेतनाने त्याच्या म्हणण्यावर सही केली होती. मंडळाचे सेक्रेटरी गुणवंतराव लक्ष्मीबाई नगराहून मेट्रो बदलत बदलत विनयाकडे आले. चहा घेतला, खाकरले.

"दोघांनी आपापल्या तक्रारी मागे घ्या. आपलीच माणसं. बाहेर शोभा होते."

"आणि क्षिप्रा?"

"तो तिचा बाप आहे, वहिनी. तुम्ही कोण? आणि कोर्टात गेलं तर शिक्षा तुम्हालाही होऊ शकते. क्लिप आहे."

"होऊ दे. मी मारलंय. नाही कुठे म्हणते?"

गुणवंतरावांनी कप खाली ठेवला आणि दुसरा विषय काढला नाही, सरळ उठले.

चेतना आली ती नवव्या दिवशी, भर दुपारी, भाजीची पिशवी घेऊन. पिशवीत भाजी नव्हती. चार रेघांच्या सात वह्या होत्या. ती सोफ्याच्या कडेला, दाराकडे तोंड करून टेकली.

"ताई, खरं सांगते. तुम्ही त्यांना मारलंत ते पाहून मला तुमचा राग आला. घरी आले तेव्हा अर्धा चेहरा सुजून काळा झालेला. मी रात्रभर शेकलं." तिने वह्यांच्या कडा एकसारख्या केल्या. "मग ती क्लिप मी परत परत बघायला लागले. बाथरूममध्ये जाऊन बघायची. आणि प्रत्येक वेळी वाटायचं, तो गार्ड जरा उशिरा यायला हवा होता."



"त्या बारा दिवसांत मी तिचे पाय धरायचे. ते सांगायचे, धर, नाहीतर हलते आणि अक्षर बिघडतं. मी धरले. ओरडली तर शेजारी ऐकतील म्हणून टीव्हीचा आवाजही मीच वाढवायचे." तिने एक वही उघडली. पानांच्या वर, समासाबाहेर, जयदीपच्या टपोऱ्या, देखण्या अक्षरात आकडे होते. चार. सात. तीन. अकरा. "हे त्यांनीच लिहिलंय. रोजचा हिशेब नको का, म्हणायचे. हे चालेल ना पुरावा म्हणून?"

"चालेल."

"मग मला तिथे घेऊन चला. मी एकटी गेले तर वाटेतून परत फिरेन."

विनयाने ओढणी घेतली आणि तिला रिक्षात घालून ठाण्यावर नेलं. चेतनाने वाटेत दोनदा रिक्षा थांबवायला सांगितली, पण ती परत फिरली नाही. तीन तास बोलली. त्याच दिवशी पोलिसांनी शाळेकडून पूर्ण फुटेज ताब्यात घेतलं. सूद मॅडम पहिल्यांदा म्हणाल्या, मशीन बिघडलंय. मग ते सापडलं.

बालकल्याण समितीपुढे क्षिप्राला नेलं तेव्हा विनया बाहेरच्या बाकावर होती. आत काय झालं ते चेतनाने सांगितलं. समितीतल्या एका बाईंनी मुलीला मांडीजवळ बसवलं, गप्पा मारल्या, आणि बोलायला जमत नसेल तर लिहून दे म्हणाल्या. उजव्या हाताला प्लास्टर होतं. क्षिप्राने डाव्या हातात पेन्सिल घेतली आणि विचारलं, "जॉइन करके लिखूँ या अलग-अलग?" बाई म्हणाल्या, कसंही. क्षिप्राला ते पटेना. तिने पुन्हा विचारलं, पण मार्क कशाला आहेत. मग त्या बाई उठून खिडकीशी गेल्या आणि दुसऱ्या सदस्याने पुढचं विचारलं. शेवटी क्षिप्रा तोंडीच बोलली. एकही आकडा चुकली नाही.

जयदीपला अटक झाली, तीन आठवड्यांनी जामीन मिळाला, खात्याने त्याला निलंबित केलं. विनयावरचा गुन्हा कायम राहिला. वकील म्हणाले, मुलीला वाचवण्यासाठी पहिले दोन फटके समजू शकतात, उरलेले सहा कोर्टाला समजावून सांगावे लागतील. दोन्ही खटले अजून चालू आहेत. शाळेने तिला परत घेतलं नाही. कर्सिव्हचा मखमली बोर्ड मात्र आठवडाभरात उतरवला आणि तिथे रोबोटिक्सच्या बक्षिसांचे फोटो लावले, असं रुचिराने कळवलं. विनयाने तो निरोप वाचला आणि तिला त्याचं बरंही वाटलं नाही आणि वाईटही. आयुष्यभर जे शिकवलं ते चांगलं होतं की नव्हतं, हे आता ती स्वतःलाही विचारू शकत नव्हती. विचारायला गेलं की ते वळच डोळ्यांपुढे यायचे.

जानेवारीत चेतना मुलीला घेऊन ठाण्याला भावाकडे निघाली. प्रसन्नने दोघींना गाडीने निजामुद्दीनला सोडलं, विनया बरोबर होती. धुकं एवढं होतं की फलाटाचं टोक दिसत नव्हतं. गाडी चार तास लेट. वेटिंग रूममध्ये ती चौघं एका रांगेत बसली. क्षिप्राचं प्लास्टर निघालं होतं, बोट थोडं वाकडं जुळलं होतं. ती चेतनाच्या पलीकडे, भिंतीच्या बाजूला बसली होती, आणि विनया पाणी आणायला उठली, चहा आणायला उठली, की दर वेळी तिच्या हातांकडे बघत होती.

गाडी लागली. प्रसन्नने बॅगा आत टाकल्या. विनया डब्याच्या दाराशी वाकली आणि मुलीच्या गालाला हात लावायला पुढे झाली.

क्षिप्राने दोन्ही हात झटकन पाठीमागे घेतले आणि आईच्या शालीत शिरली.

"मॅम आहेत ग," चेतना म्हणाली. "आपल्या विनयाताई."

"मला माहितीये," शालीतून आवाज आला.

"राहू दे," विनया म्हणाली. तिने आपले हात स्वेटरच्या खिशात घातले, खोलवर, मुलीला दिसणार नाहीत असे. शिट्टी झाली. चेतना खिडकीतून काहीतरी बोलत होती, पण काच बंद होती. गाडी हलली तेव्हा क्षिप्राने शालीतून एक डोळा बाहेर काढला आणि बाई जागची हलत नाहीये ना, हे बघत राहिली. विनया हलली नाही. शेवटचा डबा धुक्यात गेला तरी ती तशीच उभी होती, आणि मग प्रसन्नने तिच्या खिशात हात घालून तिचा हात धरला.